एकवचनाची बखर

श्री. चौसष्ट कळांचा धनी जो गणराय, त्यास साष्टांग नमन. वाणीची धनीण शारदा, तीस नमन. आणि पेटीत चित्रे हालवावी व बोलवावी ऐशी जी पासष्टावी कळा अलीकडे निघाली, तिची देवता कोण येविशी शास्त्रीमंडळीत बहुत खल होऊन उलगडा न जाहला, सबब तीसही मोघमात नमन असो. शके एकोणीसशे अकरा, शुक्लनाम संवत्सर, मार्गशीर्ष मास. संवत्सराचे नाव शुक्ल म्हणजे पांढरे, आणि पुढील हकीकत दरोबस्त पिठाची, हा योग आपोआप जुळोन आला. लिहिणाराने जुळविला नाही. हुजुरून आज्ञा जाहली की, चित्रपेटीवर साध्या रयतेचे रोजचे जिणे दाखविण्याची जी मोहीम जाहली, तीत फत्ते कोणाची आणि शिकस्त कोणाची, हे साद्यंत लिहोन पाठवावे. त्यावरून लिहिले ऐसे जे.

एक राज्य होते. नाव लिहीत नाही, कारण लिहिल्यास शेजारची राज्ये म्हणतील की हे आमचेच लिहिले, आणि उगाच भांडण उद्भवेल. राज्यात धान्य होते, पाणी होते, आणि महाराजांनी गावोगाव चावडीत एकेक चित्रपेटी ठेवविली होती. त्या पेटीवर सांजवेळी काय दिसे? तर महाराज पुलाची फीत कापिताहेत. मग महाराज धरणाची फीत कापिताहेत. मग दरबारी गवई डोळे मिटोन गाताहेत, आणि त्यांचे पाहोन रयतही डोळे मिटोन घेत असे. हे पाहता पाहता खात्याच्या चित्रनवीस अनसूयाबाई यांचा जीव मेटाकुटीस आला. चित्रनवीस म्हणजे पेटीवर काय दाखवावे, कैसे दाखवावे, हे ठरविणार. बाई वयाने पन्नाशीच्या, ठेंगण्या, चष्मा जाड, बोलणे तोंडावर, आणि कामात कोणी लुडबुड केली तर नाकपुड्या फुगत, त्या सर्व खात्यास दुरून दिसत. त्यांणी भर दरबारी अर्ज केला की, "महाराज, एकदा पेटीवर रयत दाखवावी. नट नको, गोष्ट नको, मागून समजावून सांगणारा नको. माणसे रोज काय करितात, तेच जैसेच्या तैसे." दरबार हसला. तेथे मर्यादानवीस म्हणोन एक अधिकारी असत. पेटीवर कोणी वावगा शब्द बोलू नये, कोणाचा मान कमी होऊ नये, हे पाहणे त्यांचे काम. ते बोलिले, "रयत रोज काय करिते ते रयतेने आपापल्या घरी पाहावे. त्यास पेटी कशास?" बाई बोलिल्या, "आपल्या घरचे कोणी पाहत नाही, मर्यादानवीस. सवय जाहलेली असते." हे उत्तर महाराजांस रुचले आणि त्यांणी फर्मावले की मार्गशीर्षापासून होळीपर्यंत दर शनिवारची सांजवेळ तुमची. परंतु शर्त घातली, ती ऐशी: "तुम्ही जैसेच्या तैसे म्हणता. तर तुमच्या मंडळीपैकी कोणी तेथे एक शब्द बोलू नये. बोलाल तर ते जैसेच्या तैसे राहिले नाही. मग मोहीम बंद, आणि तुम्ही मंडईतल्या भाजीचे भाव पेटीवर वाचावयास बसावे." भाजीचे भाव वाचणे म्हणजे त्या खात्यात काळे पाणीच. मेथी, शेपू, चवळी, रोज तेच. तरी बाईंनी विडा उचलिला.

मग फौज सिद्ध जाहली. फौज म्हणजे माणसे तीन. खाशा अनसूयाबाई, चित्रे धरणारे यंत्र खांद्यावर घेणारे जमालभाई, त्यांचा खांदा यंत्राने घासोन एका बाजूस उतरला होता, आणि आवाज धरणारे रंगोपंत, कानांस टोपणे लाविलेली, हाती लांब काठी, काठीच्या शेंड्यास केसाळ बोंडूक, जैसे मांजर काठीस बांधिले. रंगोपंत स्वभावे भिडस्त. कोणी रडले की आधी यांचे डोळे भरत. ऐशी फौज निघाली, आणि पहिल्या स्वाऱ्यांत सपाटून मार खाल्ला. सोनारांचे घरी गेले, तो सोनारीणबाई शालू नेसोन चुलीपुढे बसलेल्या. शिंप्यांचे दुकानी गेले, तो शिंपी लग्नातला कोट घालोन घामाघूम यंत्र चालविताहेत. एके घरी म्हातारबाई केरसुणीस हळदकुंकू वाहोन मग केर काढीत होत्या. आणि जेथे जावे तेथे पोहे. बशी पुढे येई, आणि नको म्हणावे तर बोलण्याची बंदी, मान हालवावी तर लोक म्हणत, "लाजू नका हो, घ्या!" सबब तिघांनी एकेका सकाळी तीन तीन घरचे पोहे खाल्ले, आणि जमालभाईंचा पट्टा ढिला करावा लागला. पेटीवर हे सर्व दाखविले, तेव्हा दरबारी म्हणाले की ही रयत कोठली, ही तर आमच्यासारखीच नटलेली. बाईंचा चेहरा उतरला. तेव्हा जमालभाई बोलिले, "बाई, अशी जागा पाहू या, जिथं नटून उपयोगच नाही." बाई विचार करीत राहिल्या आणि एकाएकी म्हणाल्या, "पिठाची गिरणी!"

राजधानीपासून चार कोसांवर एक गाव, आणि त्या गावी मोहोळकर बंधूंची गिरणी. थोरले केरोबा, धाकटे भिवाजी. थोरले उंचशा फळीवर उभे राहोन यंत्राच्या तोंडी धान्य ओतीत; धाकटे खाली दाराशी बसोन पीठ डब्यात भरीत आणि गिऱ्हाइकांशी बोलत. दोघेही भुवयांपर्यंत पांढरे. नटणे कैसे साधेल? कोट घातला तरी घटकेत पीठ. आणि दळण थांबवोन पोहे करावयास कोणास सवड? बाईंस स्वर्ग हाती आला. तीन दिवसांत बंधू विसरोन गेले की ही मंडळी कोण, आणि फौज कोपऱ्यात उभी राहोन तीही पांढरी जाहली. मग बाईंच्या ध्यानी एक अजब गोष्ट आली. ती ही की, दोघे बंधू एकमेकांशी बोलत नव्हते. चांगला जमोन बसलेला अबोला होता. आणि गिरणी तर दोघांनी मिळोन चालवावयाची! तेव्हा काय करीत, तर जे कोणी गिऱ्हाईक उभे असेल त्याचे तोंडून निरोप धाडीत. यंत्राचा आवाज ऐसा की फळीवर हाताच्या अंतरावरचे ऐकू येऊ नये, आणि हयात गिरणीत गेल्यामुळे थोरल्यांचे कान मंद. सबब निरोप नेणाराने फळीवर चढोन त्यांचे कानाशी तोंड नेऊन ओरडावे लागे. शाळेतल्या मास्तरीणबाई गव्हाचा डबा घेऊन आल्या की धाकटे त्यांस म्हणत, "त्याला सांगा, आता ज्वारी टाकू नकोस म्हणावं. बाईंचा गहू आधी घे." मग मास्तरीणबाई पदर सावरीत फळीवर चढत आणि कानाशी ओरडत, "केरोबा, आता ज्वारी टाकू नका म्हणतात! माझा गहू आधी घ्या!" थोरले "हं" म्हणत आणि गहू ओतीत. गाव या रिवाजास सरावला होता. दळणास जाताना बायका पोरींस म्हणत, "डबा घेतलास का? आणि निरोप असला तर नीट सांग हं." बाईंनी हे सर्व चित्रात धरिले. फक्त एक गोष्ट त्यांस उमजेना. कोणताही निरोप पोचला, मग तो कितीही साधा असो, की थोरल्यांचा चेहरा पडे. गहू आधी घ्या, यात वाईट वाटण्याजोगे काय?

अबोल्याचे कारण रांगेत कळले. रांगेत उभ्या बायका बोलत असत, आणि रंगोपंत काठी पुढे करोन ऐकत. कासारीणबाई मास्तरीणबाईंस सांगत होत्या, "दोन सालं झाली. धाकट्यांच्या लेकीची सोयरीक जमवायला पाहुणे आले होते, शहरातले, बुटाबिटातले. थोरले पिठानं माखलेले तसेच बाहेर आले. तर धाकटे सगळ्यांदेखत काय म्हणाले ठाऊक आहे? 'दादा, आपण आत बसावं.' आपण!" मास्तरीणबाई म्हणाल्या, "मग त्यात बिघडलं काय? चारचौघांत मानच दिला की." "मान कसला डोंबलाचा! ज्यानं कडेवर घेऊन वाढवला, ज्याला जन्मभर अरे दादा, तू दादा केलं, त्याला आपण? थोरले म्हणाले, 'आज आपण म्हणतोस, उद्या पाहुणचार करशील.' आणि आत गेले ते गेलेच. तेव्हापासून तोंड उघडलं नाही." "आणि धाकटे?" "ते म्हणतात, मी मान दिला तर मलाच टोमणा. मी का म्हणून आधी बोलू?" हे ऐकोन अनसूयाबाईंस हसू आले आणि वाईटही वाटले. लिहिणारासही तैसेच वाटते. लढाया राज्यासाठी होतात, स्त्रीसाठी होतात, विहिरीच्या पाण्यासाठी होतात. परंतु आमच्या मुलखात आपण आणि तू यांसाठी जितकी घरे मुकी जाहली तितकी कशासाठी जाहली नाहीत. बाईंचे मनी आले की हा अबोला सुटलेला पाहावा. परंतु शर्त मोठी. दोघांच्या मधोमध त्या उभ्या, आणि बोलता येत नाही. रोज ओठ मिटोन घरी येत, तेव्हा दात दुखत असत.

मग बाजाराचा वार आला. गाव बाजारी गेलेला, रांगेत चिटपाखरू नाही, आदल्या दिवशीचे डबे तेवढे दळावयाचे राहिलेले. दुपारी धाकट्यांच्या घरून चहा आला. धाकट्यांनी आपला कप घेतला, थोरल्यांचा झाकोन ठेविला आणि निरोप्या पाहू लागले, तो निरोप्या कोणी नाही. यंत्र घरघरते आहे, थोरले फळीवर पाठमोरे. धाकट्यांनी इकडे पाहिले, तिकडे पाहिले, आणि शेवटी रंगोपंतांच्या केसाळ बोंडुकासच म्हणाले, "त्याला सांगा, चहा घे म्हणावं. गार होतोय. सकाळपासून पोटात काही नाही त्याच्या, येडा नुसता दळत सुटलाय." हे बोल टोपणांतून थेट रंगोपंतांच्या कानी गेले आणि काळजात उतरले. बाईंनी डोळे वटारिले. जमालभाईंनी पायाने पाय दाबिला. रंगोपंतांनी बहुत सोसले. मग काठी तैशीच हाती धरोन फळीवर चढले आणि थोरल्यांचे कानाशी ओरडले, "चहा घ्या म्हणतात! गार होतोय!" थोरल्यांनी वळोन पाहिले, चेहरा पडला, "हं" म्हणाले, खाली उतरोन चहा प्याले, आणि पुन्हा फळीवर गेले. शर्त मोडली. एका कपात मोहीम बुडाली.

बाई रंगोपंतांस दंडास धरोन मागील लिंबाखाली घेऊन गेल्या. नाकपुड्या ऐशा फुगल्या की जमालभाई दूरच उभे राहिले. "रंगोपंत! बोललात ते बोललात, वर चुकीचं बोललात! ते घ्या नाही म्हणाले. घे म्हणाले, घे!" रंगोपंत गोंधळले. म्हणाले, "अहो बाई, असं काय करता? वडीलधाऱ्या माणसाला मी चहा घे कसं म्हणू?" बाई पुढे काही बोलणार होत्या, त्या तैशाच थांबल्या. राग कोठल्या कोठे गेला. त्याच पावली राजधानीस येऊन त्यांणी आजवर धरिलेली सर्व चित्रे लाविली आणि कान देऊन ऐकिली. धाकटे म्हणत, "टाकू नकोस," मास्तरीणबाई पोचवीत, "टाकू नका." धाकटे म्हणत, "दम खा जरा," कासारीणबाई पोचवीत, "दम खा म्हणतात हो तुम्ही." थोरले वरून म्हणत, "त्याला सांगा, पट्टा ओढ," आणि खाली पोचे, "पट्टा ओढा." एकानेही खोटे सांगितले नव्हते. सर्वांनी मर्यादेने सांगितले होते. दोन वर्षे दोघे भाऊ एकमेकांस तू म्हणत होते आणि दोन वर्षे दोघांसही तुम्हीच ऐकू येत होते. थोरले रोज मनी म्हणत असतील, अजून मला परकाच समजतो. आणि धाकटेही तेच म्हणत असतील. बाईंनी चष्मा काढोन पुसला, पुन्हा लाविला, पुन्हा काढिला.

रंगोपंत काकुळतीस येऊन म्हणाले, "बाई, शर्त मोडलीच आहे माझ्या हातून. मग आत्ता जाऊन थोरल्यांना खरं सांगून टाकू का?" बाई बोलिल्या, "काय सांगाल? 'ते तुम्हांला तू म्हणतात,' असंच ना? त्यात पुन्हा तुम्हांला आलंच की! नाही. भावाचं बोलणं भावाच्या तोंडूनच कानी पडलं पाहिजे." जमालभाई म्हणाले, "मग शनिवारी पेटीवर दाखवू. धाकट्यांचं घे ठेवू आणि रंगोपंतांचा आवाज कातरून टाकू. शर्त मोडली हे कोणाला कळतंय?" बाई विचारात पडल्या. युक्ती उत्तम होती. हातचे काम राहत होते, मानही राहत होता. परंतु बाईंच्या डोळ्यांपुढे थोरल्यांचा पडलेला चेहरा आला आणि त्या म्हणाल्या, "नुसतं घे ऐकलं, तर त्यांना वाटेल आजच चुकून म्हणाला. घे, आणि त्याच्या मागोमाग घ्या, असं लागोपाठ ऐकलं, तरच कळेल दोन वर्षं काय घडलं ते. रंगोपंतांचा आवाज राहील." रंगोपंत रडू लागले. बाई म्हणाल्या, "रडू नका. मला भाजी आवडते." हे धडधडीत खोटे होते. त्यांस भाजी आवडत नसे, वांगे तर मुळीच नाही.

दाखविण्याआधी चित्रे मर्यादानवीसांस दाखवावी ऐसा रिवाज. त्यांणी पाहिली आणि ताडकन उठोन हुजुरास गेले. बाईंस बोलावणे आले. मर्यादानवीस दरबारी बोलिले, "सरकार, अपराध दोन. एक, यांचे मनुष्य बोलिले, शर्त मोडली. दुसरा त्याहून थोर. पेटीवर एक मनुष्य वडील बंधूस घे म्हणतो, वर येडा म्हणतो. पेटीवर आजवर कोणास एकवचन गेले नाही. राज्यातले सर्व धाकटे हेच शिकतील. माझी विनंती, घे काढावे आणि तेथे घ्यावा ऐसे भरावे. आमचे खात्यात ऐसा आवाज काढणारे आहेत." महाराजांनी बाईंकडे पाहिले. बाई बोलिल्या, "पहिला अपराध कबूल. हरले मी. उद्यापासून भाव वाचीन. पण घे काढू नये, महाराज. मर्यादानवीस म्हणतात तेच तर गावाने दोन वर्षे केले. प्रत्येकाने घे काढून घ्या भरले. मानापायी दोन भाऊ मुके जाहले. माझी जागा घ्यावी, तेवढे एक अक्षर ठेवावे." दरबारी कुजबुज जाहली. महाराज अंगठी फिरवीत राहिले. मग हळूच म्हणाले, "आम्हांस तू म्हणणारे शेवटले मनुष्य आमच्या आईसाहेब. त्या गेल्यापासून कोणी म्हटले नाही. जो तो येतो, लवतो, आपण म्हणतो. जेवावयास बसलो तरी आपण घ्यावे. आजारी पडलो तरी आपण विसावा घ्यावा. कधी कधी वाटते, आम्ही या वाड्यात पाहुणे आहो आणि घरधनी कोठे गावास गेले आहेत." मर्यादानवीस गहिवरोन पुढे जाहले, "सरकार, आपण..." आणि तेथेच अडखळले, कारण पुढे काय म्हणावे ते त्यांस सुचेना, आपण म्हणावे तर घाव, तू म्हणावे तर डोके जाईल. ते तैसेच तोंड उघडे ठेवोन मागे सरले. महाराज म्हणाले, "घे राहील. घ्याही राहील. येडाही राहील. परंतु शर्त ती शर्त. शनिवारची ही शेवटली खेप; यंत्र खात्यात जमा करावे, आणि बाईंनी सोमवारपासून मंडईत बसावे." बाईंनी मुजरा केला. हरल्या होत्या, परंतु पायऱ्या उतरताना कोणी पाहिले ते सांगतात की बाई गुणगुणत होत्या.

शनिवार आला. बाई, जमालभाई आणि रंगोपंत गावी गेले, रिकाम्या हातांनी. जमालभाईंचा उतरलेला खांदा ओझ्याविना उगाच हालत होता. चावडीत सर्व गाव जमलेले, पेटीपुढे सतरंज्या. थोरले केरोबा कानांमुळे अगदी पुढे बसलेले. धाकटे भिवाजी रिवाजाप्रमाणे पार मागे, खांबापाशी. पेटीचा आवाज पाटलांनी थोरल्यांसाठी मोठा करविला होता, इतका की चिमण्या उडाल्या. गिरणी दिसली, गाव हसला. आपापले डबे ओळखू आले, बायका एकमेकींस कोपर मारू लागल्या. मग बाजाराचा वार दिसला. रिकामी रांग, झाकलेला कप, आणि धाकट्यांचा पांढरा चेहरा पेटीभर, आणि आवाज सर्व चावडीभर: "त्याला सांगा, चहा घे म्हणावं. गार होतोय. सकाळपासून पोटात काही नाही त्याच्या, येडा नुसता दळत सुटलाय." आणि मागोमाग रंगोपंत फळीवर चढोन: "चहा घ्या म्हणतात! गार होतोय!" गाव हसला आणि हसता हसता गप्प जाहला. आधी कासारीणबाईंनी मास्तरीणबाईंकडे पाहिले, मग मास्तरीणबाईंनी तोंडावर हात ठेविला. "अगं बाई! म्हणजे मी दोन वर्षं..." कोणी "श्शू" केले. पेटीवर पुढली चित्रे चालली होती. बाईंनी मागल्या निरोपांपैकीही काही जोडिले होते, नकोस आणि नका, ओढ आणि ओढा. परंतु पेटीकडे आता कोणी पाहत नव्हते. सर्व गाव थोरल्यांच्या पाठीकडे पाहत होता. अनसूयाबाई खांबामागे उभ्या, पदराचे टोक मुठीत आवळलेले. त्यांचे मनी एकच: ऐकू आले असेल ना?

थोरले उठले. गुडघ्यांवर हात ठेवोन, दमाने उठले. वळले, आणि बसलेल्या माणसांमधून वाट काढीत मागे चालू लागले. लोकांनी पाय आखडिले, पोरे मांडीवर घेतली. धाकट्यांनी थोरले येताना पाहिले आणि उठोन उभे राहिले, कारण बसोन कैसे राहावे ते कळेना. थोरले पुढ्यात येऊन थांबले. दोघांच्या भुवयांत अजून पीठ. दोन वर्षांनी तोंड उघडावयाचे, तर घसा खाकरावा लागला. मग म्हणाले, "कुठाय तो चहा?" धाकटे म्हणाले, "कुठला, दादा?" "तोच. घे म्हणालास तो." "अरे, तो तर तू प्यायलास की तेव्हाच!" हे बोल निघाले आणि धाकट्यांचा हात आपसूक तोंडाशी गेला, चारचौघांत, सर्व गावादेखत, वडील बंधूंस अरे आणि तू. थोरले म्हणाले, "तो रंगोपंतांचा प्यायलो. तुझा राहिलाय." धाकट्यांनी डोळे बाहीने पुसले, त्यांत पीठ गेले, मग अधिकच पाणी आले. थोरले म्हणाले, "रडतोस काय खुळ्या, आधण ठेव. साखर बेताची घाल, तुझ्या हाताला अंदाज नाही कधीच." आणि दोघे चावडीतून उतरोन घराकडे निघाले, मागोमाग सर्व गाव. चालताना थोरले बोलत होते, धाकटे बोलत होते, दोघेही एकदम बोलत होते, आणि थोरल्यांचे कान मंद असल्याने दोघेही ओरडत होते. जमालभाईंचे हात छातीशी यंत्र धरावे तैसे जाहले होते. ते त्यांणी पाहिले आणि खाली सोडिले. सबब ही गोष्ट कोणत्याही चित्रात नाही, पेटीवर कधी दिसणार नाही. पेटी एकटीच बोलत राहिली, तिच्यापुढे सतरंज्या रिकाम्या.

ऐशी ही मोहीम. सारांश, महाराजांनी शब्द पाळिला, चित्रनवीस हरल्या, आणि गिरणीत आता निरोप कोणी नेत नाही. दोघे बंधू दिवसभर एकमेकांवर ओरडतात, भांडतातही, आणि गिऱ्हाइके म्हणतात की पूर्वी निदान यंत्राचाच आवाज होता. अनसूयाबाई मंडईत बसोन भाव वाचतात. पहिलेच दिवशी त्यांच्या मागे एक कोथिंबीरवाल्या बाई जुड्यांवर पाणी शिंपडीत जांभई देत होत्या, त्यांसच राज्याने पाहिले. भाव कोणी ऐकिला नाही. महाराजांनी विचारिले की त्या बाई उद्याही दिसतील काय. बाईंनी कळविले की त्या रोजच असतात. मर्यादानवीस हल्ली हुजुरास जाताना वाक्ये कर्मणी योजितात, म्हणजे आपणही नको आणि तूही नको. ही बखर त्यांजकडे तपासावयास गेली असता बंधूंच्या बोलण्यावर खूण येऊन परत आली की, वडिलांस अरे व तू शोभत नाही, शुद्ध करोन लिहावे. लिहिणाराने महाराजांपासून कासारीणबाईंपर्यंत सर्वांस बहुवचन दिले आहे. जेथे भाऊ भावाशी बोलला, तेथे मात्र जैसेच्या तैसे ठेविले आहे.